एकतर्फी पोटगी

पोटगीचा निकाल माझ्या बाजूने लागला त्या दिवशी भावाने माझगावच्या त्याच्या खोलीत पेढे वाटले. मी मात्र माझा पेढा पोरीला दिला. नवरा कोर्टात आलाच नव्हता. समन्स घेऊन पोलीस परळच्या चाळीत खेपा घालून दमला, पण माणूस सापडेल तर शपथ! मॅजिस्ट्रेट साहेबांनी लिहिलं, हा जाणूनबुजून टाळतोय, आणि हुकूम एकतर्फी झाला. मला पैशांपेक्षा एकच जाणून घ्यायचं होतं, ह्या माणसाने मला आणि पोरीला टाकलंय का. आले नाहीत, म्हणजे टाकलंच.

संयुक्त महाराष्ट्राचे दिवस होते. गिरणी सुटली की हे सभेला, नाहीतर मोर्चात. पोर तापाने फणफणलेली असताना हे लालबागच्या सभेला निघाले, तेव्हा मी तिला खांद्यावर टाकून भावाकडे आले. वाटलं, चार दिवसांत न्यायला येतील. त्यांना वाटलं, चार दिवसांत ही आपणहून येईल. दोघंही मोडेन पण वाकणार नाही अशा जातीची. सहा महिने गेले तसा वहिनीच्या भांड्यांचा आवाज वाढला, मग भावाने माझ्या नावाने पोटगीचा अर्ज घातला.

आणि आता हुकूम झाल्यावर हे तो रद्द करा म्हणत कोर्टात हजर! माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. बोलावलं तेव्हा यायचं नाही आणि द्यायची वेळ आली की धावत यायचं.

साहेबांनी विचारलं, "समन्सच्या वेळी कुठं होता?" हे म्हणाले, "चाळीतच होतो, साहेब. समन्स मला कुणी दिलंच नाही. हुकूम झाल्याचं लोकांकडून कळलं." सगळे हसले. मीसुद्धा कडू हसले.

तेवढ्यात त्यांच्या शेजारची म्हातारी साक्षीला उभी राहिली. माझ्या लग्नात माझी ओटी भरलेली बाई. पदर खोचून म्हणाली, "साहेबांनू, मियाच सांगलंय तसा. मोर्चातल्या पोरांका पकडूक पोलीस येतत. खाकी कपडो दिसलो की आमच्या चाळीत सगळी एकच सांगतत, तो गावाक गेलो. माका काय म्हायत, हो कागद त्येच्या बायलेचो म्हणान!"

आता कुणी हसलं नाही. माझ्या वकिलाने कानात सांगितलं, "पढवलेली साक्ष आहे. हरकत घेऊ. हातचा हुकूम सोडू नका."

पण ती साक्ष पढवलेली नव्हती, हे माझ्याइतकं कोण जाणणार? त्याच दारात उभं राहून, हातातलं पीठ न झटकता, मीही पोलिसाला कितीदा सांगितलं होतं, "ते गावाला गेलेत." आणि हे आत माळ्यावर बसलेले. माझाच डाव माझ्यावर उलटला होता, आणि मला इतकं हलकं वाटलं की रडू फुटलं. टाकलं नव्हतं. कळलंच नव्हतं!

साहेबांनी माझं म्हणणं विचारलं. मी उठून म्हटलं, "म्हातारी खरं सांगतेय. ह्यांचं म्हणणं ऐकून घ्या." वकिलाने कपाळाला हात लावला. हुकूम रद्द झाला, नवी तारीख पडली. घरी भाऊ चिडला. "आपल्या पायावर धोंडा मारून घेतलास," एवढंच म्हणाला.

रविवारी दारावर थाप पडली. हे. हातात पोरीसाठी केळी, अंगात इस्त्री केलेला सदरा. म्हणाले, "न्यायला आलोय. वर्षभर उशीर झाला."

"आणि पोर पुन्हा तापली तर?"

"तर मी घरी. सभेला माणसं पुष्कळ असतात."

"बरं, येते. पण अर्ज मी मागे घेणार नाही," मी म्हटलं. "तारखेला दोघं मिळून जाऊ. तोवर कसे वागता ते बघते, मग साहेबांना काय ते सांगेन."

त्यांनी मान डोलावली आणि उंबऱ्याबाहेर चपला काढल्या.