गेला म्हणायचा पाय

जळगावच्या इस्पितळात मी कारकून होतो तेव्हा आजारांना आकडे देण्याची पद्धत नुकतीच आली होती. विलायतेहून आलेलं जाडजूड पुस्तक उघडायचं, खेड्यातल्या दवाखान्यातून आलेल्या चिठ्ठीवरचा आजार त्यात शोधायचा आणि केसपेपरच्या कोपऱ्यात त्याचा आकडा घालायचा. अपघातात पाय तुटून वेगळा झाला तर एक आकडा, चिरडला पण अंगाला धरून आहे तर दुसरा. मी धुळ्याचा, मुळातच तिरसट. लोक म्हणायचे, हा मान वर करून माणसाकडे बघत नाही. बघायचं कशाला, कागद आहे ना, असं माझं म्हणणं.

आमचे सर्जन त्या आकड्यांवर भलते खूश होते. खेड्यातल्या दवाखान्यांचं अक्षर त्यांना लागायचं नाही, आकडा मात्र चटकन कळायचा. आधी कोणाला घ्यायचं हेही ते त्यावरूनच ठरवत.

एका दुपारी रावेरकडून केळीचा ट्रक थेट आवारात शिरला. तिकडे तो मागे घेताना विशीतल्या एका हमालाच्या पायावरून चाक गेलं होतं. मांडीपासून खाली सगळं केळीच्या खोडाच्या सोपटांत आणि धोतरात करकचून बांधलेलं. रक्त पुन्हा सुटेल या भीतीनं तिकडच्या दवाखान्यातल्या कंपाउंडरनं ते सोडलंच नव्हतं. पोराच्या सोबत आलेल्या आईनं सांगितलं तसं त्यानं चिठ्ठीवर लिहून टाकलं, 'पाय तुटला'. माझ्या खिडकीशीही तिचं तेच चाललं होतं, "गेला रे भाऊ, माह्या लेकाचा पाय गेला. बठ्ठा गेला, सारा गेला." तुटलेला तुकडा सोबतच बांधून आणलाय असं आम्ही सगळ्यांनीच धरलं. मी तुटलेल्या पायाचा आकडा घातला.

बैलानं पोट फाडलेला एक माणूस तेव्हा टेबलावर होता आणि दुसरा डॉक्टर रजेवर. सर्जननी दार किलकिलं करून कागदावर नजर टाकली. "रक्त थांबलंय ना? मग राहू दे. तुटलेला पाय काही पळून जात नाही." त्याच्या आधी आणखी दोघांना घ्यायचं ठरलं.

पोरगा व्हरांड्यात पडून होता, ओठ पांढरेफटक. आई पायथ्याशी बसून सोपटांत हात घालून काहीतरी करत होती. मी चहाला निघालो तशी तिनं मला अडवलं.

"भाऊ, थोडं तेल भेटीन का? बोटं थंडीगार पडून रायली त्याची."

"कसली बोटं?"

"पायाची."

मी तिथेच खाली बसलो. तिचा हात होता तिथे मीही हात घातला. बोटं गार होती. पण अंगठा दाबला तसा पोरगा कळवळून ओरडला. हा पाय अंगाला होता, जिवंत होता, आणि त्या आकड्यापायी रांगेत मरायला टेकला होता.

"अहो बाई, मग गेला गेला काय लावलंय मघापासून!" मी खेकसलो.

तिनं इकडेतिकडे पाहिलं आणि आवाज खाली आणला. "आहे म्हनलं तर नजर लागते, भाऊ. याच्या आधीचे दोन चांगले म्हनता म्हनता गेले. याचं मी जल्मापासून वाईटच सांगते."

मी चपलांसकट ऑपरेशनच्या खोलीत घुसलो. "साहेब, पाय आहे! त्याचा पाय आहे!" जन्मात खाल्ल्या नाहीत इतक्या शिव्या खाल्ल्या, पण पुढचा नंबर त्या पोराचा लागला. परतताना पाहिलं, उकळत्या पाण्यात करवत तयार होती. ते मी तिला सांगितलं नाही. दिवेलागणीपर्यंत आम्ही दोघं बाकावर बसून राहिलो. मला देवाचं नावही घ्यायची भीती वाटत होती.

सर्जन घाम पुसत बाहेर आले. "एक बोट काढावं लागलं. पाय ठेवलाय. आणखी थोडा उशीर झाला असता तर कापावाच लागला असता."

"वाचला, अक्का!" मी आनंदानं ओरडलो. तिनं उठून माझ्या तोंडावर हात ठेवला.

घरी जायच्या दिवशी पोरगा कुबडी घेऊन, पाय ओढत, पण दोन्ही पायांवर फाटकापर्यंत चालत गेला. मीही सोबत गेलो. त्यांच्या गावची एक म्हातारी समोर आली, "काय झालं व पोराले?"

"पाय गेला ना व माय," आई म्हणाली.

म्हातारीनं पोराच्या पायांकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"हो, आजी," मी म्हणालो. "गेला."