अकरा माणसं आणि गार पुऱ्या

आमच्या ह्यांना समुद्री चाच्यांचं वेड लागलं ते रिटायर झाल्यावर. गुरुदत्तांनी जन्मभर गाड्यांचे ब्रेक डिझाइन केले, आणि आता बघावं तर जर्मनीकडच्या थंडगार समुद्रातले सहाशे वर्षांपूर्वीचे लुटारू! इथे अमेरिकेत, आमच्या नोव्हाय गावच्या लायब्ररीतली पुस्तकं संपली, आता बाहेरगावाहून मागवतात. ते चाचे म्हणे लुटीचे अगदी सारखे वाटे करायचे. आमच्या घरात भांडी मात्र मी एकटी घासते.

दर पाडव्याला हे इथल्या मराठी मंडळात भाषणाला नाव देतात, आणि कमिटी त्यांना जेवणाआधीची पंधरा मिनिटं देते. तीन वर्षांत भाषण एकदाही पुरं झालं नाही. कारण मी! जेवणाचं खातं माझ्याकडे. ट्रे लागले की मी माइकवर सांगते, "चला, जेवण लागलंय!" की हॉल रिकामा. घरी येताना गाडीत ह्यांचं "शेवटच राहिला गं," एवढंच.

यंदा निघताना म्हणाले, "कांचन, एकदा तरी शेवटापर्यंत जाऊ दे."

"पुऱ्या गार झाल्या तर लोक मलाच तळून खातील," मी म्हटलं.

ह्यांचं भाषण चालू असतानाच पुऱ्या आल्या. मी माइक घ्यायला स्टेजपाशी गेले, तर हे सांगत होते, श्टोर्टेबेकर नावाचा म्होरक्या हॅम्बुर्गला मरणाच्या दारात उभा. दंतकथा अशी, की त्यानं एकच मागितलं. डोकं उडवल्यावर माझं धड जितक्या साथीदारांसमोरून चालत जाईल, तितक्यांना सोडा. आणि म्हणे धड उठून चालायला लागलं!

काहीतरीच बाई! पण माझा पाय हलेना.

"काकू, अनाउन्स करा ना, पुऱ्या गार होतायत!" वाढायला उभी असलेली पायल कुजबुजली.

"झाकण घाल आणि गप्प बस!" मी तिच्यावरच डाफरले.

"अकरा जणांसमोरून गेलं," हे म्हणाले, "आणि जल्लादानं पाय आडवा घातला."

पुढच्या रांगेतली छोटी सावनी ओरडली, "बट दे लेट द इलेव्हन गो, राइट?"

"नाही गं बाळा. शब्द मोडला. सगळ्यांना मारलं."

कुणी जागचं हललं नाही. ह्यांनी सवयीनं माझ्यापुढे माइक धरला. मी घेतला नाही. मग तो परत तोंडाशी नेऊन ते सावकाश म्हणाले, "संपलं."

तीन वर्षं हा एवढा शब्द मी त्यांना बोलू दिला नव्हता. हॉलभर लोकांदेखत मला रडूच कोसळलं.