सापासाठी केलेलं संगीत

मी वाचायला शिकले पत्रकांवर. आई अंगणवाडीत मदतनीस होती आणि संघटनेच्या पत्रकांचे गठ्ठे आमच्या परतूरच्या घरात पिठाच्या डब्याशेजारी असायचे. पत्रकातल्या मागण्यांना मी शाळेत असतानाच चाल लावली होती. जालन्याला कलेक्टर कचेरीवर मोर्चा निघाला की बायका ती म्हणायच्या. माझी पहिली चाल तीच.

पुढे मी मालिकांना पार्श्वसंगीत द्यायला लागले. काही वर्षं मुंबईत काढली, आता तेच काम परतूरहून करते. मागच्या खोलीच्या भिंतींना गाद्या ठोकल्या आहेत. तरी शेजारच्या कापसाच्या जिनिंगची घरघर आत येतेच, म्हणून तिथली यंत्रं बंद असताना रेकॉर्डिंग उरकायचं.

मालिकेतला प्रसंग कापून-जोडून माझ्याकडे येतो, सोबत दिग्दर्शकाचा एकच शब्द. प्रेम. कारस्थान. सासू. मी त्याखाली संगीत घालते. दिलेला प्रत्येक तुकडा मालिकावाल्यांकडे साठवला जातो. घाई असली की संकलक जुनाच तुकडा नव्या प्रसंगाला लावतो. या साठ्याला सगळे बँक म्हणतात.

गेल्या उन्हाळ्यात एक प्रसंग आला. कारखान्याच्या मालकाच्या बंगल्यावर कामगार बायकांचा मोर्चा येतो. मालक हा मालिकेचा नायक. सोबतचा शब्द होता, ‘धोका’.

आई चहा घेऊन आली तेव्हा पडद्यावर चित्र होतं, आवाज नव्हता.

“कुठला मोर्चा हाये गं?”

“खोटाय. मालिकेतला.”

“खोटा कसा? चपला बघ की त्यायच्या. लांबून चालत आल्यात. त्या मधल्या बाईला पाणी द्या म्हणावं कोणी.”

मी खालच्या पट्टीतला एक लांबट घुमारा करून ठेवला होता. तो चित्राखाली लावून दाखवला. बायका त्याच, चपला त्याच. आई जराशी मागे सरकली.

“आता ह्यायची भीती वाटून राह्यली,” ती म्हणाली. मग कप उचलता उचलता, “आमी आलो की साहेब खिडक्या लावून घ्यायचे. त्यायला असंच ऐकू येत असंल.”

ती गेल्यावर माझं कशात लक्ष लागेना. खोलीत फेऱ्या मारल्या, घुमारा पुसला, परत केला, परत पुसला. आई ज्या रांगेत चालली त्या रांगेखाली मी भीती घालणार नव्हते. दिग्दर्शकाला फोन लावला.

“सर, धोका कोणाला आहे?”

“हीरोला. खिडकीत उभा आहे ना तो.”

“बायका पगार मागतायत.”

“अगं, चाल लाव. पत्रक काढू नकोस.” तो हसत होता. “उद्या दुपारपर्यंत दे.”

सकाळी आईला आणि शेजारच्या काकूंना अंगणातल्या खडीवरून चालायला लावलं. “पायबी सुरात टाकायचे का?” काकूंनी विचारलं. आई म्हणाली, “तुमी फक्त चला. सूर तिचा ती बघंल.” दोघींची पावलं एकावर एक चढवून मी त्यांचा घोळका केला. संगीत काहीच नाही, नुसती पावलं. तेवढंच पाठवलं. उलट फोन आला नाही. आमच्या कामात फोन न येणं म्हणजे पसंत पडणं. मी तसंच धरून चालले.

तो भाग लागला त्या संध्याकाळी काकूसुद्धा आमच्याकडेच बसल्या होत्या. बायका फाटकाशी आल्या आणि त्यांच्याखालून काहीतरी सरपटायला लागलं. मला पहिल्या सुरालाच कळलं. आईला त्यानंतर लगेच.

“हे तर तू सापाला दिल्तं.”

नायिकेच्या खोलीत साप निघतो त्या प्रसंगासाठी मी केलेला तुकडा. नुसती पावलं पाठवणं हाच माझा नकार होता, आणि त्यांनी माझंच काम त्या नकारावर आणून बसवलं होतं. शेवटी श्रेयनामावलीच्या पाटीवर माझं नाव आलं.

“मंग आपले पाय कुठं गेले?” काकूंनी विचारलं.

दुसऱ्या दिवशी दिग्दर्शक म्हणाला, “रिकामं वाटत होतं. बँकेत होतं, लावलं. चांगलं बसलंय की.”

“पाटीवरचं नाव काढा. मी आता नवीन काही देणार नाही.”

“बरं,” तो शांतपणे म्हणाला. “जुनं भरपूर आहे.”

मी फोन ठेवला. संगीताला पक्ष नसतो म्हणणारे मला रोज भेटतात. त्यांनी तो प्रसंग एकदा आवाज बंद करून पाहावा.

आई ती मालिका तशीच पाहते. मोर्चानंतर त्या बायकांनी पुकारलेला संप अजून मिटलेला नाही, तिला त्यांचं काय होतं ते बघायचंय. वेळ झाली की ती टीव्ही लावते, आवाज बंद करते आणि पडद्यावरच्या बायकांशी बोलत बसते. “पुढं हो की गं, थांबली कशाला?”

मी मागच्या खोलीत दुसऱ्या कशावर तरी काम करत असते. पण तिचं बोलणं थांबलं की हात थांबतो. बायका पुन्हा फाटकाशी पोचल्या असणार. आवाज बंद आहे, तरी मला ते सरपटणं ऐकू येतं.