कवडूजींनी उघडलेला कुकर

आर्वीत आमच्या घरासमोर जिनिंग फॅक्टरी होती आणि तिच्या बॉयलरवर कवडूजी होते. माणूस बारीक, मिशा मात्र दोन माणसांच्या. त्यांना घाईत मी कधी पाहिलं नाही. मालक ओरडत आला तरी ते आधी वाफेच्या काट्याकडे बघत, मग मालकाकडे. बावीस वर्षं आग आणि पाणी एका जागी नांदवलेला माणूस, तो मालकाच्या आवाजाला काय भिणार!

छप्पन साली ते सहकुटुंब नागपूरला जाऊन बौद्ध होऊन आले. तेव्हापासून त्यांनी एक नेम धरला. ज्या घरात त्यांच्यामागे पाणी शिंपडलं जाई, त्या घराची पायरी ते पुन्हा चढत नसत. मग तिथे कोणाचा पंप अडो की स्टो. गावात अशी पाच घरं झाली होती. आमचं सहावं होऊ नये, असं मला मनापासून वाटे. आणि माझ्या सासूबाई, रुख्माबाई, शिंपडण्यात तरबेज होत्या.

एकोणसाठ साली माझे यजमान प्रभाकरराव मुंबईहून प्रेशर कुकर घेऊन आले. सासूबाई त्याला बाँब म्हणत. चौथ्या दिवशी मी त्यात वरण-भात लावला, स्टो विझवला आणि शेजारी जाऊन तासभर गप्पा मारल्या. परत येऊन बघते तर झाकण हलेना. ओढलं, गुडघ्यात धरून पिळलं, शेवटी मुसळ उचललं.

"ठेव ते मुसळ!" सासूबाई अंगणातून ओरडल्या. "छपराचे कवेलू उडतीन!"

मी मुसळ ठेवलं आणि समोरून कवडूजींना बोलावून आणलं.

ते दारात थांबले. "बाई, कुकर कुठं हाय?"

"सैपाकघरात."

"मंग मले तिथंच यावं लागन. चालन?" हे विचारलं मला, पण पाहिलं सासूबाईंकडे.

"कोकिळा, तो कुकर अंगणात आणून दे त्याले," सासूबाई म्हणाल्या.

"तुम्ही आणता का, आत्याबाई?" मी विचारलं. त्या दोन पावलं मागे सरल्या. कवडूजी आत आले.

उकिडवे बसून त्यांनी आधी झाकणावर पाण्याचे चार थेंब टाकले. चर्र झालं नाही. मग मला मागे उभं केलं, तोंड फिरवलं आणि लांब दांड्याच्या पळीनं वरचं वजन हळूच कलतं केलं. वाफ बाहेर आलीच नाही. उलट कुकरनेच सुर्रकन हवा आत ओढली.

"वाफ कवाचीच मेली, बाई," कवडूजी म्हणाले. "तिचं पाणी झालं, आतमंधी जागा रिकामी झाली, अन् बाहेरची हवा झाकण दाबून बसली. बॉयलर थंडा करतानीबी आमाले हवेचा कॉक खोलावा लागते. पण आत वाफ असती अन् तुम्ही मुसळ हाणलं असतं, तरी म्या आज आलोच असतो तुमच्या घरी. खांदा द्याले."

दोन बोटांनी त्यांनी झाकण फिरवलं आणि उचललं. वरणाचा वास घरभर पसरला.

मी वळून पाहिलं तर सासूबाई उंबऱ्याशी गडवा घेऊन हजर. बोटं पाण्यात बुडवलेली.

"भात नाई बाटला," त्यांनी न्यायाधीशासारखा निकाल दिला. "हात फक्त झाकणाले लागला. झाकणावर पाणी मारलं का झालं."

मला असा संताप आला! पण मी खाली वाकून वरण ढवळत राहिले, याची लाज मला अजून वाटते.

कवडूजी चिडले नाहीत. खांद्यावरच्या दुपट्ट्यानं त्यांनी झाकण पुसलं आणि काखेत मारलं. "बराबर हाय. झाकण बाटलं. ते मी घेऊन जातो, भांडं तुमाले राहू द्या." आणि नेहमीच्या चालीनं निघाले.

झाकणाविना कुकर म्हणजे नुसतं महागाचं पातेलं, हे सासूबाईंच्या ध्यानात यायला कवडूजी आमच्या फाटकापर्यंत पोचावे लागले. मग मात्र गडवा तिथेच टाकून त्या धावल्या. मजुरीसुद्धा वरून टाकणाऱ्या माझ्या सासूबाईंनी झाकण दोन्ही हातांनी गच्च धरलं, कवडूजींच्या बोटांसकट, आणि हिसकून घेतलं.

"आता धुवाचं काय काय?" कवडूजींनी शांतपणे विचारलं.

सासूबाईंनी आपल्या हातांकडे पाहिलं. मी हसू दाबत होते, तिकडेही पाहिलं. "वरण थंडं होऊन राह्यलं," एवढं म्हणून त्या आत आल्या आणि पानावर बसल्या. आंघोळ केली नाही. गडवा लवंडून पाणी केव्हाच वाहून गेलं होतं, दुसरं भरलं नाही. दोनदा भात मागून घेतला.

पण कवडूजी पुन्हा येतील की नाही, याची मला धास्ती होतीच. रस्त्यात भेटले तरी ते नुसते मान हलवत.

आठ दिवसांनी कुकरची शिट्टी होईना. मी बोलवायला निघाले तर सासूबाईंनी मला अडवलं, झाकण पदराखाली घेतलं आणि स्वतः रस्ता ओलांडून फॅक्टरीत गेल्या. मी फॅक्टरीच्या फाटकाशी उभी. कवडूजींनी झाकण उलटंपालटं करून पाहिलं.

"भांडं कुठं हाय?" ते म्हणाले.

"सैपाकघरात," सासूबाई म्हणाल्या. "चाल, दाखवतो."