जावयांची बिनधुराची टर्की

काळजी करण्यात माझा हात धरेल असं आमच्या घरात कोणी नव्हतं. मग जावई आले. अग्निशमन दलातला माणूस, जळत्या घरात सगळ्यांच्या आधी शिरणारा. मला वाटलं, बेफिकीर असेल. पण लग्नानंतर पहिल्यांदा जेवायला आले तेव्हा पानावर बसायच्या आधी त्यांनी आमच्या गॅसची नळी वाकवून पाहिली, पडदा शेगडीपासून लांब बांधला आणि घराबाहेर पडायला दुसरं दार कुठे आहे ते मला विचारलं. "दुसरं नाही," मी म्हटलं. "नाही?" म्हणाले, आणि असा चेहरा केला, जणू ही गोष्ट मी लग्न ठरवताना लपवून ठेवली होती.

अशा माणसाला एकच शौक होता, तोही धुराचा. त्यांच्या घरामागे एक लोखंडी पिंप होतं, मधोमध कापून आडवं केलेलं. सगळ्यांची सुट्टी जुळली की त्यात सकाळपासून लाकडं धुमसत ठेवायची आणि वर टर्कीच्या तंगड्या. संध्याकाळपर्यंत त्या अशा काळ्या-तांबूस व्हायच्या की हातात धरली तर गदाच. केंद्रातले सोबती पिंपाभोवती खुर्च्या टाकून बसायचे, एकमेकांची सालटी काढायचे. जावयांचं नाव तिथे 'आचारी'.

यंदा एका गोदामाच्या आगीत त्यांच्या छातीत धूर गेला. दवाखान्यातून घरी आले ते डॉक्टरांची ताकीद घेऊन: आता धुराच्या वाऱ्यालाही उभं राहायचं नाही. दलाने त्यांची बदली तपासणी विभागात केली. उपाहारगृहं, सभागृहं, गोदामं हिंडायची, कुठे काय पेट घेईल ते लिहायचं. बदलीचा कागद केंद्रावर अजून पोचायचा होता, त्यामुळे सोबत्यांना वाटत होतं, आचारी रजेवर आहे, येईल परत.

"सांगून का टाकत नाही?" मी विचारलं. त्यांच्या दुखण्यामुळे मी तेव्हा त्यांच्याकडेच मुक्कामाला होते.

"सांगितलं की संपलं, आई. मग ते मला भेटायला येतील. जेवायला येणार नाहीत. हळू आवाजात बोलतील. भोंगासुद्धा."

भोंगा हा त्यांचा एक सोबती. तो फोनवर बोलतो तेव्हा फोनची गरज नसते.

म्हणून जावयांनी ठरवलं, नेहमीसारखं जेवायला बोलवायचं, नेहमीच्या तंगड्या खाऊ घालायच्या आणि पोटं भरली की मग सांगायचं. जेवण तेच, माणूस तोच, हे आधी पटलेलं बरं.

"पिंपाला हात लावलास तर मी माहेरी जाईन," लेक म्हणाली.

"तुझं माहेर इथेच बसलंय," ते माझ्याकडे बोट दाखवून म्हणाले. पण पिंपाला हात लावला नाही. ओव्हनमध्ये करायचं ठरलं.

तंगड्या रात्रभर मीठ-साखरेच्या पाण्यात बुडवून ठेवल्या होत्या. सकाळी त्या कोरड्या पुसून तेल, मिरी, लसणाची पूड आणि धुरावलेल्या लाल मिरचीची पूड चोळली. मग जावयांनी एक छोटी बाटली काढली. धूर बाटलीत मिळतो, हे मला या वयात कळलं.

"धूरच आहे, आई. पाण्यात पकडलेला."

"डॉक्टरांना विचारलंत?"

"हुंगायचा नाहीये, खायचाय."

थेंब मोजून चोळले तरी घरभर असा वास सुटला की शेजारीण दोनदा डोकावून गेली. तंगड्या जाळीवर ठेवल्या, खाली ट्रेमध्ये पाणी, वरून फॉइल गच्च. मंद आचेवर दोन-अडीच तास, मग फॉइल काढून आच वाढवायची, म्हणजे कातडी कुरकुरीत होते. ओव्हनचं दार उघडताना त्यांनी मला बाजूला उभं केलं. फळांच्या टोपलीशेजारी अग्निशामक नळकांडं आणून ठेवलं. चहा टाकतानासुद्धा ते तसेच वागतात.

तंगड्या आत गेल्यावर ते शेजाऱ्यांकडे खुर्च्या आणायला गेले. शेजारी बोलका. यायला बराच वेळ लागला.

आले तोवर मंडळीही हजर. केंद्राचे कॅप्टन पुढे, मागे शिडी (उंचीमुळे) आणि भोंगा. दारातूनच भोंगा गरजला, "वास बघा वास! आचारी, तू रजेवर असलास तरी तुझा हात कामावर आहे!"

जावई असे फुलले की विचारता सोय नाही. घड्याळ पाहून त्यांनी जाड हातमोजे चढवले, बाजूला सरकले, सगळ्यांना मागे सारलं आणि ओव्हनचं दार उघडलं. काहीच आलं नाही. ना वाफ, ना झळ. कॅप्टननी उघडा हात सरळ आत घातला.

"आग पूर्ण आटोक्यात आहे," ते म्हणाले. "आत गारवा आहे."

आम्ही सगळ्यांनी भिंतीवरचं बटण पाहिलं. बंद.

"आई, तुम्ही?"

"मी कशाला? खुर्च्या आणायला निघालात तेव्हा तुमचाच हात गेला असेल!"

घर सोडताना बटणं बंद करायची, ही त्यांची पंधरा वर्षांची सवय. त्यांनी आपल्या उजव्या हाताकडे असं पाहिलं, जणू तो दुसऱ्या कुणाचा होता. वास तर बाटलीचा होता, तो सकाळपासून होताच.

लेकीने ओव्हन पुन्हा लावला. भुकेलेल्या शिडीने खिडकीतून मागे पाहिलं. "पण पिंप असताना ओव्हन कशाला रे?"

आता पोट भरायची वाट पाहण्यात अर्थ नव्हता. जावयांनी उभ्याउभ्याच सांगून टाकलं. छाती, डॉक्टर, बदली. "मी परत येत नाहीये."

आणि त्यांना ज्याची धास्ती होती तेच झालं. शिडीने त्यांच्या हातातले मोजे काढून घेतले आणि खुर्ची पुढे ओढली. "तू बस." भोंगा, देवाशपथ, कुजबुजला, "पाणी देऊ का रे तुला?" जावई स्वतःच्या घरात पाहुण्यासारखे, गुडघ्यांवर हात ठेवून बसले. दोन तास जायचे होते. मला वाटलं, गेलं सगळं पाण्यात.

तेवढ्यात कॅप्टननी कपाळाला आठी घातली. "तपासणी विभाग म्हणजे... आपल्या केंद्राचं स्वयंपाकघर कोणाकडे?"

"माझ्याकडे."

"तू त्यात लक्ष घालणार?"

"घालायचं काय? पाठ आहे. शेगडीवर पडदा, तेलाचा डबा वायरला टेकलेला, मागच्या दारापुढे कॅप्टनची मोडकी सायकल."

"सायकल हलवतो म्हटलंय ना मी!"

"केव्हापासून म्हणताय!" भोंग्याचा आवाज परत आला, ट्रेमधलं पाणीसुद्धा हललं असेल. "आणि पडदा शिडीच्या बायकोने शिवलाय! मी नको म्हणत होतो!"

मग कोण कुणाचं ऐकतंय! तंगड्या बाहेर आल्या तेव्हा भांडण रंगात होतं. कॅप्टननी एक घास सावकाश चावला. "धूर आहे," ते म्हणाले. "जरा शिकलेला धूर वाटतो, पण आहे." आणि सगळ्यांत मोठी तंगडी उचलून जावयांच्या ताटात टाकली. "ही लाच समज."

"लिहून घेतो," जावई तोंडभर घास घेऊन म्हणाले. "लाच दिली, तीही माझ्याच घरातली."

ते हसले, आणि हसता हसता त्यांना खोकला लागला. चांगलाच. मी पाण्याचा पेला घेऊन उठले, शिडीही अर्धा उठला.

"बसा हो, आई," कॅप्टन हाड नाचवत म्हणाले. "होऊ दे त्याचं खोकून. माझ्या सायकलीला नावं ठेवून हा असा सुटणार नाही."