बोलपटवाले चाचा

लोणारात सगळे त्यांना बोलपटवाले चाचा म्हणत. मुंबईत दोन बोलपट स्वतःच लिहून आणि स्वतःच काढून ते गावी आले होते, आणि आता तिसरा लिहीत होते. रोज संध्याकाळी ते ओट्यावर शेजाऱ्यांना गोष्ट वाचून दाखवत. कुणी जांभई दिली की ते पान तिथंच फाडत. आमच्या घरातून कॉलेजात गेलेला मीच पहिला, म्हणून सुटीत नागपूरहून आलो की मलाही बसवत. एकदा मी भीतभीत म्हणालो, "छान हाय, चाचा."

"छान तं झोपेतही म्हनता येते बे. कंटाळा कुठं आला, ते सांग."

यंदा भांडवल घालणारे खामगावचे शेठ मोटारीनं गोष्ट ऐकायला आले. ऐकून म्हणाले, "सासर सोडून पोरगी शाळा चालवते, हे लोकायले नाही पटत. शेवटी तिले घरी आना, मंग पुढचं बोलू."

मला वाटलं, चाचा हेही पान फाडतील. त्यांनी वही मिटली. "ते नाही होनार, शेठजी. चहा घ्या."

मोटार गेल्यावर मी विचारलं, "आता बोलपट कसा निघन?"

"निघन. शेठ दुसरा भेटन," पेन्सिल तासत ते म्हणाले. "तिले घरी बसवलं, तं मी लिहू कोनावर?"