दोन विटा

अंगणातल्या, नातीच्या चढून खेळायच्या लोखंडी चौकटीचा एक बोल्ट तुटला आणि आजोबा इरेला पेटले. तुटका तुकडा खिशात घेऊन त्यांनी हार्डवेअरची सगळी दुकानं पालथी घातली. “असे आता येत नाहीत, नवीन चौकटच घ्या,” असं कुणी म्हटलं की त्यांच्या तळपायाची आग मस्तकात जायची.

एका सकाळी मात्र नात चौकटीला उलटी लोंबकळत खिदळताना दिसली. आजीला संशय आला. तिने आत जाऊन जुना लोखंडी पलंग हलवला, तर तो करकरत एका अंगाला कलला.

“अहो, पलंग मोडलात?”

“तुझी बाजू शाबूत आहे. माझ्या बाजूचा बोल्ट काढलाय.”

आजी तणतणत बाहेर गेली आणि दोन विटा घेऊन आली.

“दोन कशाला?”

“चौकटीचा दुसराही बोल्ट खुळखुळतोय. माझ्या बाजूचाही काढा.”